मेंबरसाहेब निघाले ऑकलंडला

मेंबरसाहेबांची निवड बिनविरोध झाली, हे ते स्वतःहून कधी सांगत नाहीत. "जनतेने एकमुखाने माझ्यावर विश्वास टाकला," असं सांगतात, आणि त्यात खोटं काही नाही. 1853 च्या जुलैत सुरू झालेली न्यूझीलंडची ती पहिली निवडणूक ऑक्टोबरपर्यंत चालली होती, आणि कित्येक मतदारसंघांत उभं राहायला मुळी एकच माणूस होता. बे ऑफ आयलंड्सचे ह्यू कार्लटन असेच बिनविरोध आले आणि तारखेच्या हिशेबाने सगळ्या देशात पहिले निवडून आले. एवढ्या भांडवलावर ते पुढे सभागृहाचे पितामह म्हणवून घेत. त्या सभागृहात पितामह व्हायला नातवंडांची गरज नव्हती, दोन-चार दिवस आधी निवडून आलं की भागत होतं.

आता हे मेंबरसाहेब कोण, असं विचाराल तर त्यांना नाव नाही. पहिल्या पार्लमेंटात 37 सभासद होते. त्यांच्यातला थोडा थोडा अंश घेतला की हे तयार होतात. वय पस्तिशीच्या आसपास. घराणं इंग्लंडातलं, बरं, पण इस्टेट थोरल्या भावाकडे गेलेली. म्हणून हे जहाजात बसले आणि जगाच्या दुसऱ्या टोकाला येऊन मेंढ्यांचे मालक झाले. इंग्लंडात राहिले असते तर हाउस ऑफ कॉमन्सची पायरीही चढले नसते, प्रेक्षकांच्या गॅलरीत फार तर एकदा जाऊन आले असते. इथे मात्र त्यांना कोणी 'ऑनरेबल' म्हटलं नाही तर ते वळून पाहत नाहीत.

त्यांना निवडून देणारे तरी किती? सगळ्या देशात मिळून मतदार 5,849. जमीनजुमला किंवा ठराविक भाड्याचं घर असलेल्या पुरुषांनाच मत. माओरींची जमीन सगळ्या कुळाची, सामाईक. एकट्याच्या नावावर कागद नाही, म्हणून मत नाही. गोऱ्यांच्या जवळजवळ दुप्पट संख्या असलेल्या त्या लोकांपैकी मतदार यादीत आले सुमारे शंभर. मेंबरसाहेब यावर क्वचितच बोलत आणि बोललेच तर घटनेतलं कलम सांगत. एकूण मतदारांचा हिशेब केला तर एका मेंबरामागे सरासरी 158 मतदार पडतात. त्यातल्या निम्म्यांना मेंबरसाहेब नावाने ओळखत, आणि उरलेल्यांना त्यांनी कधी ना कधी मेंढ्या विकलेल्या असत.

गोरी वस्ती तीस हजारांच्या आसपास. पण एवढ्या माणसांसाठी प्रांत सहा: ऑकलंड, न्यू प्लिमथ, वेलिंग्टन, नेल्सन, कँटरबरी आणि ओटागो. प्रत्येक प्रांताला निवडून आलेला सुपरिंटेंडंट, प्रत्येकाचं स्वतंत्र कायदेमंडळ, आणि वर सगळ्यांचं मिळून पार्लमेंट. त्यालाही नेमलेल्या सभासदांचं एक वरिष्ठ सभागृह. शिवाय एकाच माणसाने दोन ठिकाणी असायला मनाई नव्हती. कँटरबरीचे फिट्झजेराल्ड आपल्या प्रांताचे सुपरिंटेंडंट होते आणि पार्लमेंटातही होते. गव्हर्नर सर जॉर्ज ग्रे देश सोडून गेल्यावर कारभार हाती आलेले कर्नल रॉबर्ट विनयार्ड यांचा थाट तर त्याहून मोठा. ते फौजेचे अधिकारी, ऑकलंड प्रांताचे निवडून आलेले सुपरिंटेंडंट आणि साऱ्या वसाहतीचे प्रभारी प्रमुख होते. त्यांनी सुपरिंटेंडंट म्हणून तक्रार लिहिली असती तर प्रमुख म्हणून ती त्यांनाच फोडून वाचावी लागली असती.

असो. मेंबरसाहेबांना निघायला हवं. राजधानी तेव्हा उत्तरेकडे ऑकलंडला आणि ते दक्षिणेचे. मधे रस्ता नाही, आगगाडीचं नाव नाही. त्याच सुमाराला, 1853 च्या एप्रिलात, मुंबईचा माणूस बोरीबंदरला गाडीत बसून ठाण्याला उतरत होता. न्यूझीलंडला पहिली आगगाडी दिसायला आणखी दहा वर्षं लागली. तेव्हा प्रवास समुद्राने, वारा नेईल तसा. डनेडिनहून ऑकलंडला पोचायला कधी कधी दोन-दोन महिने लागत. मेंबरसाहेब बोटीवर चढताना सामान मोजून घेतात: दोन ट्रंका, एक टोपीची पेटी, छत्री, आणि अर्स्किन मे यांचा जाडजूड ग्रंथ. कॉमन्समध्ये कोणी कधी उठावं, कधी बसावं, कोणता प्रस्ताव आधी घ्यावा, हे सगळं त्या ग्रंथात आहे. पहिल्या आठवड्यात बोट इतकी हलली की ग्रंथाची पानं उलटायची ताकद राहिली नाही. नंतर वारा पडला आणि बोट एका जागी उभी राहिली, तेव्हा तो दोनदा वाचून झाला. ऑकलंडच्या धक्क्यावर उतरताना मेंबरसाहेबांच्या अंगात चालण्याचं त्राण नव्हतं, पण तहकुबीच्या प्रस्तावावर दुरुस्ती मांडता येते की नाही, हे त्यांना तोंडपाठ होतं.

24 मे 1854, राणीचा वाढदिवस. सभासद पहिल्यांदा जमले. ज्या इमारतीत जमले तिला ऑकलंडकरांनी 'शेडिफिस' असं नाव ठेवलं होतं. राजवाडा म्हणून बांधायला घेतली आणि शेड म्हणून संपवली, अशी ती लाकडी वास्तू घाईघाईने उभी केलेली, ऐनवेळेपर्यंत कामं चालू असलेली. पाऊस आला की छप्पर गळायचं. मेंबरसाहेबांनी दारात उभं राहून वर पाहिलं, खाली पाहिलं आणि शेजारच्याला विचारलं, "स्पीकरची खुर्ची कुठल्या बाजूला?" गळक्या छपराविषयी त्यांनी चकार शब्द काढला नाही. खुर्ची बरोबर जागी होती, त्यांना तेवढं पुरलं. स्पीकर म्हणून निवडले गेले चार्ल्स क्लिफर्ड. तेही मेंढ्यांचेच मालक. चुलतभाऊ फ्रेडरिक वेल्ड यांच्याबरोबर त्यांनी दक्षिण बेटावरचं मेंढीपालनाचं पहिलं मोठं ठाणं उभं केलं होतं. खुर्चीत क्लिफर्ड आणि समोर बाकावर वेल्ड, दोघे भागीदार. कळपाची शिस्त दोघांनाही ठाऊक होती.

पहिला वाद राज्यकारभारावर झाला नाही, देवावर झाला. ओटागोच्या मॅकँड्र्यू यांनी सुचवलं की सभागृहाचं पहिलं काम म्हणजे परमेश्वराचं स्मरण. विरोध करणारा नास्तिक नव्हता, पण प्रश्न असा की प्रार्थना म्हणायची कोणी? ओटागोचे स्कॉटिश प्रेस्बिटेरियन, कँटरबरीचे इंग्लिश चर्चवाले, वेल्डसारखे कॅथलिक. एका पंथाच्या पाद्र्याने म्हटली तर बाकीच्यांचा देव रुसणार. मेंबरसाहेब मनातून खूश होते. धर्माचा प्रश्न, कार्यपद्धतीचा प्रश्न आणि स्वतःच्या प्रांताच्या अभिमानाचा प्रश्न, तिन्ही एकाच भाषणात बसत होते. शेवटी एका पाद्र्याला गाठलं, त्याने प्रार्थना म्हटली आणि राज्य सुरू झालं.

राज्य सुरू झालं म्हणजे काय झालं, हे मात्र मेंबरसाहेबांना कुणी विचारू नये. कारण सत्ता त्यांच्या हातात नव्हतीच. कायदे त्यांनी करायचे, पैसा त्यांनी मंजूर करायचा, पण कारभार चालवणारे सेक्रेटरी, अ‍ॅटर्नी जनरल, खजिनदार हे गव्हर्नरने नेमलेले जुनेच अधिकारी. त्यांना सभागृहाने घालवायचं कसं, याविषयी घटनेत अक्षर नव्हतं. लग्नात नवरदेवाचा पत्ता नसावा आणि मांडवात विहिणींचा मानपान जोरात चालू असावा, तसा तो सगळा थाट. आणि लग्नाचा अनुभव असलेल्या कुणालाही सांगायला नको की अशा वेळी मानपानाला दुप्पट धार येते.

मेंबरसाहेबांना मी हसतो, पण त्यांचं नशीब आपल्याकडच्या शहाण्यासुरत्या माणसांपेक्षा बरं होतं, हेही खरं. लंडनच्या पार्लमेंटाने न्यूझीलंडला ही घटना दिली ती 1852 साली. त्याच वर्षी मुंबईत बॉम्बे असोसिएशन स्थापन झाली आणि नाना शंकरशेट, भाऊ दाजी यांच्यासारख्या माणसांनी त्याच लंडनकडे अर्ज केला, की इथल्या कारभारात इथल्या माणसांना काही विचारा. नानांना मुंबईच्या कायदेमंडळात खुर्ची मिळायला 1862 उजाडलं, तीही सरकारी नेमणुकीने. तीस हजार मेंढपाळ, वकील आणि दुकानदारांना पार्लमेंट मिळालं आणि मुंबईला अर्जाची पोच मिळाली. मेंबरसाहेबांना मुंबई ठाऊक होती ती नकाशापुरती.

भाषण हा त्यांचा प्राण. कँटरबरीहून आलेले लोक लॅटिनमधून उतारे देत आणि समोरचे समजल्यासारखी मान हलवत. मेंबरसाहेबांचं पहिलं भाषण दोन तास चाललं. त्यात मॅग्ना कार्टा होता, डोक्यावर छत्र नसलेला पहिला चार्ल्स राजा होता, आणि शेवटच्या दहा मिनिटांत त्यांच्या बंदरातला धक्का होता. पण भाषण करून भागत नाही, ते छापून यायला हवं. हॅन्सार्ड, म्हणजे सभागृहातल्या भाषणांचा सरकारी वृत्तान्त, सुरू झाला 1867 साली. तोवर सगळी मदार वर्तमानपत्रावर. संध्याकाळी बातमीदाराशी गोड बोलावं, त्याला एखादा पेला पाजावा, आणि तरीही दुसऱ्या दिवशी छापून यावं: 'यानंतर अमुक प्रांताच्या सभासदांचंही भाषण झालं.' अनुभवी मंडळींनी यावर उपाय शोधला होता. वर्तमानपत्र आपलंच असावं. फिट्झजेराल्ड लिटलटन टाइम्सचे पहिले संपादक होते, ओटागोचे कटन हे ओटागो विटनेसचे. या लोकांची भाषणं कधी त्रोटक छापली गेली नाहीत.

पेल्याचा उल्लेख आला म्हणून सांगतो. लंडनच्या कॉमन्समध्ये खाण्यापिण्याची जी जागा, तिला बेलमीज म्हणत. ऑकलंडच्या मंडळींना आपलंही बेलमीज हवं होतं. या पार्लमेंटाने सुरुवातीला जे मोजके कायदे केले, त्यांतला एक असा की पार्लमेंटच्या आवारात दारू विकायला परवानगी असावी. पुढच्या बहुतेक कायद्यांवर प्रांताप्रांतांत मारामारी झाली. यावर प्रांतभेद दिसला नाही. स्कॉटिश, इंग्लिश, कॅथलिक सगळे एका बाजूला.

मग मुख्य लढाई. एडवर्ड गिबन वेकफिल्ड यांनी ठराव आणला की सभागृहाला जबाबदार असं मंत्रिमंडळ ताबडतोब हवं. हे वेकफिल्ड म्हणजे वसाहती कशा वसवाव्यात याचं शास्त्र लिहिणारे विद्वान. ते शास्त्र सुचलं तुरुंगात, आणि तुरुंगात गेले होते एका श्रीमंताच्या शाळकरी मुलीला फसवून पळवून तिच्याशी लग्न लावल्याबद्दल. मेंबरसाहेब त्यांच्याशी हस्तांदोलन करत, पण त्यांच्या बाजूला बसत नसत. ठराव मात्र दणक्यात मंजूर झाला. विनयार्ड पेचात पडले. त्यांनी तोड काढली: फिट्झजेराल्ड, वेल्ड आणि वकील हेन्री स्यूएल यांना कार्यकारी मंडळात घेतलं, पण जुन्या तीन अधिकाऱ्यांना हलवलं नाही. म्हणजे माणसं वाढली आणि खात्यांच्या खुर्च्या तेवढ्याच राहिल्या. नवे लोक म्हणाले, जुन्यांना काढा. विनयार्ड म्हणाले, लंडनला विचारावं लागेल. लंडनला विचारायचं म्हणजे पत्र जायला काही महिने आणि उत्तर यायला काही महिने. 14 जूनला आलेलं मंत्रिमंडळ 2 ऑगस्टला राजीनामा देऊन मोकळं झालं. आणि वेकफिल्ड? ज्यांनी ठराव मांडला तेच आता विनयार्ड यांचे गुप्त सल्लागार झाले.

17 ऑगस्ट हा मेंबरसाहेबांच्या आयुष्यातला सर्वांत मोठा दिवस. विनयार्ड अधिवेशन गुंडाळणार अशी कुणकुण लागली होती. तो हुकूम सभागृहात वाचला गेला की सगळे घरी. मग मंडळींनी युक्ती केली. हुकूम आलाच नाही असं समजायचं, दारं लावून घ्यायची, आणि आतल्या आत ठराव करून मोकळं व्हायचं. मेंबरसाहेबांनी दाराची कडी स्वतः तपासली. एवढ्यात नेल्सनचे सभासद जेम्स मॅके आत आले. ते वेकफिल्डच्या गटातले. हातात सरकारी गॅझेटचा अंक, त्यात अधिवेशन संपल्याची घोषणा छापलेली. दुसऱ्या हातात छत्री. आणि डोक्यावर टोपी.

लोकांनी गॅझेटपेक्षा टोपी आधी पाहिली. कॉमन्सचा तेव्हाचा शिरस्ता असा की बसलेल्या सभासदाच्या डोक्यावर टोपी चालायची, नव्हे शोभायची. पण उठताना, चालताना, बोलताना ती हातात हवी असे. मॅके उभे होते, चालत होते आणि बोलतही होते. तिन्ही गुन्हे एकाच टोपीखाली. एकच गलका झाला. "टोपी काढा!" गॅझेट उंचावलं गेलं, छत्री हलली, स्यूएल पुढे सरसावले आणि झटापट झाली. कायद्याचा काथ्याकूट करणारा वकील गृहस्थ आणि समोर छत्री घेतलेला माननीय सभासद, अशी ती अर्ध्या जगापलीकडची कॉमन्स. मेंबरसाहेब हाणामारीत नव्हते. ते आपल्या बाकावर बसून, स्वतःच्या डोक्यावर टोपी नीट ठेवून, घाईघाईने ग्रंथाची पानं उलटत होते. छत्रीचं कलम त्यांना सापडलं नाही. सभागृहाचा अवमान झाला असा ठराव मात्र मॅकेंविरुद्ध मंजूर झाला, आणि त्यानंतरच मंडळी घरी गेली. हुकुमाने नव्हे, स्वतःच्या मर्जीने, असं मेंबरसाहेब आजही सांगतात.

दोनच आठवड्यांनी अधिवेशन पुन्हा भरलं आणि विनयार्डनी नवं मंत्रिमंडळ काढलं. प्रमुख थॉमस फोर्सेथ. ऑकलंडात त्यांचं कापडाचं दुकान. या भल्या माणसाने सभागृहात उठून सरळ सांगून टाकलं की साहेबांचं बोलावणं आलं तेव्हा मी दुकानात कामात होतो, घरी गेलो, स्वच्छ शर्ट घातला आणि भेटायला गेलो. झालं! त्या दिवसापासून ते 'स्वच्छ शर्टाचं मंत्रिमंडळ'. मेंबरसाहेब आठवडाभर हसत होते. खरं सांगायचं तर त्या सबंध पार्लमेंटात घडलं तसं सांगणारा मला तरी हा एकच माणूस दिसतो. साहेब बोलावतो तेव्हा मेंबरसाहेबही शर्ट बदलतातच. फक्त ते त्याला 'घटनात्मक विचारविनिमय' म्हणतात. 31 ऑगस्टला आलेलं फोर्सेथ यांचं मंत्रिमंडळ 2 सप्टेंबरला पडलं. शर्ट मळायलाही वेळ मिळाला नाही.

आणि लंडनचं उत्तर? ते 1854 च्या डिसेंबरात लिहिलं गेलं आणि पुढच्या साली पोचलं. जबाबदार मंत्रिमंडळ हवंय? घ्या की. आमची काही हरकत नाही, त्यासाठी नवा कायदाही लागत नाही. ज्यासाठी कड्या लावल्या, टोपीवरून रान उठलं, मंत्रिमंडळं आली आणि गेली, त्यात लंडनला अडवण्यासारखं काही वाटलंच नव्हतं. दुसरा कुणी असता तर खजील झाला असता. मेंबरसाहेबांनी पत्राची नक्कल मागवून घेतली, आपल्या दोन तासांच्या भाषणाशी ताडून पाहिली आणि मतदारांना पत्रक काढून कळवलं की ब्रिटिश सरकारने अखेर आमचा मुद्दा मान्य केला आहे. 1855 चं अधिवेशन नाममात्र झालं. पुष्कळसे सभासद तिकडे फिरकलेच नाहीत. मेंबरसाहेब मात्र गेले, कारण टोपी नवी घेतली होती.

1856 ला दुसरं पार्लमेंट बसलं आणि आता खरी सत्ता आली. 7 मे रोजी स्यूएल, तेच झटापटवाले, देशाचे पहिले जबाबदार मुख्य मंत्री झाले. मेंबरसाहेबांनी त्यांना संपूर्ण पाठिंबा जाहीर केला आणि बंदराच्या धक्क्याचा अर्ज दिला. 20 मे रोजी स्यूएल गेले, विल्यम फॉक्स आले. मेंबरसाहेबांनी फॉक्सना संपूर्ण पाठिंबा दिला, अर्जावरचं नाव तेवढं बदललं. 2 जूनला फॉक्स गेले, एडवर्ड स्टॅफर्ड आले. दोन्ही मंत्रिमंडळांचं तेरावं बरोबर तेराव्या दिवशी झालं होतं, आणि मेंबरसाहेब हिशेबाला पक्के. त्यांनी स्टॅफर्डना पाठिंबा दिला, अर्ज दिला, आणि त्याच रात्री खोलीवर जाऊन अविश्वासाच्या प्रस्तावावरचं भाषण लिहून काढलं. तेरावा दिवस उजाडला तसे ते खिशात भाषण घेऊन, दाढी करून, सगळ्यांच्या आधी येऊन बसले. स्टॅफर्ड पाच वर्षं टिकले.